सहावं कार्ड

बारकीच्या लग्नाच्या दिवशी सकाळी नऊ वाजता काकांनी कागद कापायच्या लांब टेबलावर पाच कार्डं ओळीने मांडली आणि विचारलं, "सहावं कुठंय?"

बारकी दारातच थबकली. केस निम्मे बांधलेले, निम्मे मोकळे, हातात चिमट्यांची डबी. घरामागच्या बाइंडिंगखान्यात सगळे चहाला जमलेत अशा समजुतीने ती आली होती. बाराला नोंदणी कचेरीत सह्या, दीडला हॉलमध्ये जेवण, की संपलं. त्या चार-पाच तासांत आपली माणसं काय काय करू शकतात याचा तिने महिनाभर विचार केला होता. सकाळी नऊचा विचार मात्र तिने केला नव्हता.

कार्डं तिच्याच हातची होती, हे तिला दारातूनही दिसलं.

बाइंडिंगखान्यात काम आलं की त्याचं कार्ड निघायचं. काय करायचं, कुणी करायचं, कधीपर्यंत. एकच काम चार-पाच जणांत वाटलेलं असलं तर कोपऱ्यात आकडा पडायचा, पाचपैकी एक, पाचपैकी दोन, म्हणजे शेवटी जुळवताना काही राहून जायला नको. चौदाव्या वर्षापासून ही कार्डं बारकीच लिहीत आली होती, आणि आता ती एकोणतीस वर्षांची होती. त्यामुळे लग्नात कुणी कुणावर लक्ष ठेवायचं हे घरच्यांना लिहून देताना तिने कार्डंच वापरली, आणि कोपऱ्यात आकडाही घालून टाकला. हाताने घातला म्हणायचं, डोक्याला पत्ताच नव्हता.

प्रत्येकाला तिने एकट्यात गाठलं होतं. प्रत्येकाला गळ घातली होती, "हे फक्त तुम्हालाच सांगतेय हं, माझा दुसऱ्या कुणावर भरवसा नाही." आणि प्रत्येकाची छाती दोन बोटं फुगली होती. आकडा कुणाच्या नजरेला पडला नाही. पडला तो काकांच्या. ते तर त्यांचं कामच. शिवायला जाण्याआधी पुस्तकाचे सगळे भाग मोजायचे, सोळा पानं कुठे गहाळ असली तर शोधून काढायची, हे त्यांनी पस्तीस वर्षं केलं होतं. 'सहापैकी दोन' असं लिहिलेला कागद हातात आल्यावर काकांना घास गोड लागणं शक्यच नव्हतं. चार दिवस ते एकेकाकडे चहाच्या निमित्ताने जात राहिले, बाबांचं तेवढं न विचारता उचललं, आणि स्वतःचं धरून पाच कार्डं गोळा केली.

"सहावं कुठंय?" काकांनी पुन्हा विचारलं.

"काका, आज नको ना," बारकी म्हणाली. "उद्या काय ते बोला. मला हवं तेवढं बोला."

"उद्या तू इथे असणारेस का?" आत्या म्हणाली. आत्या म्हणजे बाबांची बहीण, बत्तीस वर्षं नर्स. ती बोलली आणि कुणाला दुखलं नाही असं कधी झालं नव्हतं, सुई टोचूनच बोलायची. "वाचा रे कुणीतरी मोठ्याने. मी चष्मा आणला नाहीये."

दादाने पहिलं उचललं, ते त्याचंच होतं. त्याने वाचावं की नाही असं एकदा बायकोकडे बघितलं, आणि वाचलं. "'दादाने बाबांवर लक्ष ठेवायचं. बाबा "मी नसतो तर" असं म्हणाले की गाडीवाला बोलावतोय म्हणून बाहेर न्यायचं. माइकच्या दहा पावलांच्या आत येऊ द्यायचं नाही.'"

बाबा खुर्चीत बसले होते, नवा शर्ट, वरचं बटण अजून उघडं. बोटांना सरसाचा वास, तो आज तीनदा साबण लावूनही गेला नव्हता. ते काहीच बोलले नाहीत. बाबांनी काही न बोलणं ही फार वाईट गोष्ट होती.

"आणि तू हो म्हणालास?" वहिनीने दादाला विचारलं.

"तुझ्याकडचं वाच ना आधी," दादा म्हणाला. "'दादा रुसला की मोटारसायकलची किल्ली लपवायची, जेवण झाल्याशिवाय द्यायची नाही.' घेतलंसच ना पर्समध्ये घालून? मी काय सहा वर्षांचा आहे?"

"मग वागतोस कसा? माझ्या बहिणीच्या साखरपुड्यातून निघून गेलास, ते काय मी सांगितलं होतं?"

"तुझ्यावरही आहे गं बाई, नाचू नकोस," आत्या म्हणाली. "तुझा फोन माझ्या ताब्यात ठेवायचा होता. तू सगळं चित्रीकरण करून माहेरी पाठवतेस म्हणे."

"आत्या, तुझ्यावर मी होतो," काका शांतपणे म्हणाले. बहिणीला सगळे आत्याच म्हणायचे, काकासुद्धा. "तुला मुलाकडच्या बायकांत बसू द्यायचं नाही. हिचं आधी एकदा जमलेलं मोडलं ते तू सांगशील म्हणून. तू 'खरं म्हणजे' म्हणालीस की मी खोकायचं."

आत्याने कप खाली ठेवला. "मी सांगेन? या पोरीला रात्र रात्र मांडीवर घेऊन बसलेय मी तेव्हा. मी सांगेन?"

बारकीला म्हणावंसं वाटलं, की सांगशील आत्या, तू दुधवाल्यालाही सांगितलं होतंस. पण तिला घड्याळ दिसत होतं.

खरं तर तिची भीती पोकळ नव्हती. चार वर्षांपूर्वी दादाच्या लग्नात बाबांनी माइक हातात घेऊन "मी नसतो तर हा बाइंडिंगखाना राहिला नसता" असं सुरू केलं, काका साल चुकलं म्हणून दुरुस्त करायला उठले, एका माइकला दोन भावांचे हात लागले, स्पीकर स्टँडसकट पडला, आणि वहिनीचे वडील आपली चाळीस माणसं घेऊन न जेवता निघून गेले. तेव्हापासून दोघे भाऊ एकाच खोलीत काम करत आणि एकमेकांशी बोलत नसत. एक कापायचा, एक जुळवायचा, मध्ये चार हातांचं अंतर. निरोप बारकीने न्यायचे. "काकांना सांग, पुठ्ठा संपला." काका तिथेच उभे.

काकांवर लक्ष ठेवायचं काम बाबांना देण्यात तिचा एक भाबडा डाव होता. निदान लक्ष ठेवायला म्हणून का होईना, बाबा त्यांच्याकडे बघतील. त्या कार्डावर लिहिलं होतं, 'काका मोठ्या बाईंना विचारतील, यजमान दिसत नाहीत? काकांनी तोंड उघडायच्या आत जेवणाचं ताट पुढे करायचं. आपण भांडायचं नाही.' मोठ्या बाई म्हणजे नवऱ्यामुलाची आई, निवृत्त मुख्याध्यापिका. त्यांचे यजमान वीस वर्षांपूर्वी घर सोडून गेले होते, आणि त्या घरात तो विषय कुणी काढत नसे. काकांना तर जे नसेल तेच आधी दिसायचं.

"पाच जणांवर पाच झाली," काका म्हणाले. "उरलं घरात एकच माणूस."

सगळ्यांनी खिडकीकडे बघितलं. तिथे आई बाबांच्या कोटाला बटण लावत बसली होती. तिने मान वर केली नाही.

"माझ्यावर कुणाला ठेवलंयस?" आईने विचारलं.

"आई, ते तसं नाहीये."

"नाहीये तर नाहीये. पण कुणाकडे आहे?"

बारकीने डबी टेबलावर ठेवली. खोटं बोलायची तिची तयारी होती, पण काका समोर होते, आणि काका सहावं मिळेपर्यंत कुणाला कचेरीत जाऊ देणार नाहीत हे तिला पक्कं ठाऊक होतं.

"मास्तरांकडे."

मास्तर म्हणजे नवरामुलगा. भूगोल शिकवायचा.

मग बाबा पहिल्यांदा बोलले. "घरातलं बाहेर दिलंस?"

"बाहेर कुठे? बारा वाजता तो..."

"बारा वाजायचेत अजून," बाबा म्हणाले.

"काय लिहिलंय त्यात?" आईचा आवाज नेहमीचाच होता, भाजीत मीठ कमी आहे का असं विचारावं तसा.

बारकीला पाठ होतं. सगळ्यांत जास्त वेळ तिने त्याच कार्डावर घालवला होता. "'आईला कुणाची माफी मागू द्यायची नाही. मागायला लागली की तिथून दुसरीकडे न्यायचं.'"

कुणी हसलं नाही. आईने दोरा दातांनी तोडला, सुई पदराला टोचून ठेवली.

"मला लाज वाटते आई," बारकी म्हणाली, आणि आता तिला थांबता येईना. "बाबा ओरडतात त्याची नाही वाटत. दादा उठून जातो त्याची नाही. तू जी नंतर फिरतेस ना एकेकाकडे, हसत हसत, 'आमच्या माणसांचं मनावर घेऊ नका, सांभाळून घ्या', त्याची वाटते. आपण काहीतरी चोरून पकडले गेल्यासारखं. कुणी काही बोललेलंही नसतं आणि तू आधीच मागायला लागतेस. माझ्या लग्नात नको. एक दिवस नको."

"हिच्या वडिलांकडे," आईने वहिनीकडे हात केला, "मी तीनदा गेले होते. पहिल्यांदा दारातूनच परत पाठवलं. दुसऱ्यांदा पाणी दिलं, उभ्याउभ्याच. तिसऱ्यांदा खुर्ची पुढे केली. मग ही आपल्या घरात आली, नाहीतर लग्न होऊनही माहेरीच बसली असती. तुला माहीत होतं?"

वहिनीने मान खाली घातली. तिला माहीत होतं. दादाला नव्हतं.

"तुझे बाबा छापखान्याच्या माणसांना हाकलून देतात आणि ती पुन्हा काम घेऊन येतात. तुला काय वाटतं, शिलाई चांगली म्हणून येतात? तुझं आधीचं मोडलं तेव्हा त्या लोकांकडेही मी गेले होते. तुझ्याबद्दल कुठे वाईट बोलू नका म्हणून सांगायला. चूक त्यांची होती आणि माफी मी मागितली." आईने कोट झटकला आणि बाबांपुढे धरला. "मला वाटायचं, तुम्हाला सगळ्यांना ठाऊक आहे आणि कुणी बोलत नाही. बरं. आज नाही मागणार."

"आई, माझं म्हणणं तसं..."

"नाही मागणार म्हटलं ना. लिहूनच दिलंयस तू."

बाबांनी कोट अंगात घातला. मग त्यांनी काकांकडे बघितलं, मधल्या चार हातांवरून, थेट. "आपला आज आवाज यायला नको हिला. काय रे?"

"नाही येणार, भाऊ," काका म्हणाले.

चार वर्षांनी. आत्याचा हात तोंडावर गेला. चार वर्षं सगळ्यांनी मध्यस्थी करून जे जमलं नव्हतं ते बारकीने एका सकाळी जमवून दिलं होतं. दोघे भाऊ शेजारी शेजारी उभे होते आणि तिच्याकडे बघत होते, आणि मागे दादा आणि वहिनी, तेही पहिल्यांदाच एका बाजूला. एवढं एकमत त्या खोलीत कधी झालं नव्हतं.

कचेरीत सह्या झाल्या. बाबांनी सही केली, पेन टोपण लावून परत दिलं. काकांनी केली. कारकून म्हणाला, "नातं?" काका म्हणाले, "काका." बस.

हॉलमध्ये तिच्या घरचे सहाही जण एका टेबलाशी ओळीने बसले. पहिली पंधरा मिनिटं बारकीला खरोखर हायसं वाटलं, खोटं कशाला सांगायचं. माइक कोपऱ्यात एकटा उभा होता, त्याच्याकडे कुणी फिरकत नव्हतं. मास्तरांच्या मावशी बाबांना विचारायला गेल्या, "तुमचा बाइंडिंगखाना किती वर्षांचा हो?" या प्रश्नाला बाबांचं उत्तर पाऊण तासाचं असायचं.

"जुना आहे," बाबा म्हणाले.

दादाने किल्ली स्वतःहून काढून वहिनीच्या ताटाजवळ ठेवली होती. वहिनीचा फोन पालथा पडला होता, आणि त्यामुळे बारकीच्या बाजूने त्या दिवसाचा एकही फोटो निघाला नाही. मोठ्या बाईंच्या शेजारची खुर्ची रिकामी होती. काकांनी तिच्याकडे एकदा बघितलं आणि नजर ताटात वळवली. कुणी काही वाढायला आलं की आत्या म्हणायची, "छान आहे, नको." आई मांडीवर हात ठेवून बसली होती. ही सगळी आपली माणसं आहेत हे बारकीला आठवण करून घ्यावं लागत होतं. मध्ये ती त्यांच्या टेबलाशी गेली, "आत्या, जेवलीस का नीट?" म्हणाली.

"हो. तुझं चालू दे," आत्या म्हणाली, आणि सहाही जणांनी हसून मान हलवली. दुकानदार गिऱ्हाइकाला हसतो तसं. बारकीला वाटलं, कुणीतरी एक शिवी घालावी. काहीतरी पडावं.

मग मोठ्या बाई आल्या, मागोमाग मास्तर. बाईंचा आवाज आयुष्यभर वर्गाच्या शेवटच्या बाकापर्यंत पोचलेला. तो मुद्दाम चढवावा लागत नसे.

"तुझी माणसं किती शहाण्यासारखी बसलीत गं! आम्ही काय काय ऐकून होतो. मी धसकाच घेतला होता." त्यांनी बारकीच्या दंडावर थोपटलं. "पण तुझी ती कार्डांची युक्ती मला आवडली. आईवरचं दाखवलं ना याने मला. हसून हसून पुरेवाट झाली. बिचाऱ्या माफी मागत फिरतात म्हणे सगळ्यांकडे? माझ्या शाळेत एका बाईंना अशीच खोड होती."

"अगं, गंमत म्हणून दाखवलं," मास्तर घाईघाईने म्हणाला. "आईला सांगितलं तर काय..."

टेबल सहा पावलांवर होतं. आईने ऐकलं. बारकीने तिला ऐकताना बघितलं.

"माझ्या आईबद्दल तुम्ही एक अक्षर बोलायचं नाही," बारकी म्हणाली.

"अगं, मी कौतुकच..."

"नाही बोलायचं! भांडत असतील माझी माणसं, माइक पाडत असतील. पण घर सोडून पळून जात नाहीत! तुमच्या घरातून माणूस उठून गेला तेव्हा कुठे होती तुमची शिस्त? तेव्हा आली होती का कुणाला लाज?"

ती ओरडली होती. हॉलमध्ये कुठेतरी चमचा ताटावर टेकल्याचा आवाज आला आणि मग तोही नाही. मोठ्या बाईंचा थोपटणारा हात हवेतच राहिला. चेहऱ्यावरचा रंग हळूहळू उतरत गेला, आणि त्या एकदम म्हाताऱ्या दिसायला लागल्या. मास्तर बारकीकडे बघत होता. रागाने नाही. ही कोण, अशा नजरेने.

वाक्य परत घेता येत नाही हे बारकीला कळलं. एवढं तर काकाही बोलले नसते. ते फार तर 'यजमान दिसत नाहीत?' म्हणाले असते.

तिने टेबलाकडे बघितलं. बाबा अर्धे उठले, आणि पुन्हा बसले. आपला आवाज येणार नाही असा शब्द दिला होता त्यांनी. काकांनी डोळे मिटले. दादाचा हात किल्लीवर होता, पण त्याने ती उचलली नाही. बारकी आईजवळ गेली, पायांत लग्नाचे कपडे अडकत होते.

"आई," ती हळूच म्हणाली. "आई, ऊठ ना. बोल ना त्यांच्याशी काहीतरी."

आईने तिच्याकडे बघितलं. डोळ्यांत राग नव्हता. असता तर बरं झालं असतं. मुलीचा सुटलेला एक केस तिने कानामागे सारला, आणि हात पुन्हा मांडीवर नेऊन ठेवला.

"त्या तिथे उभ्या आहेत," आई म्हणाली. "जा."

बारकी वळली. सहा पावलं होती. वाटेत कुणी नव्हतं, लोक बाजूला झाले होते. मोठ्या बाई रिकाम्या खुर्चीची पाठ धरून उभ्या होत्या. बारकी त्यांच्यासमोर जाऊन थांबली, तिने तोंड उघडलं, आणि सुरुवात कशी करतात तेच तिला येईना. एकोणतीस वर्षं घरात ते काम दुसऱ्याच माणसाने केलं होतं.